विजयपुरीच्या बाजारातील परके

शकसंवत्सराची सातशे वर्षे पूर्ण होण्यास एक दिवस उरला असताना, दुपार कलल्यावर, जाबालिपुर येथील ऋषभदेवाच्या मंदिरात एका जैन मुनींनी आपला ग्रंथ हातावेगळा केला. जाबालिपुर म्हणजे राजस्थानातील आजचे जालोर. इसवी सनाच्या हिशेबाने ते वर्ष ७७९. मुनींचे नाव उद्द्योतनसूरी आणि ग्रंथाचे नाव ‘कुवलयमाला’. क्रोध, मान, माया, लोभ आणि मोह यांच्या आहारी गेलेल्या पाच जीवांची जन्मोजन्मीची कथा त्यात आहे. प्रवचनातून तिचा उल्लेख अधूनमधून होतो. मात्र या ग्रंथात एक बाजार आहे, आणि त्या बाजाराची गोष्ट व्यापारी घराण्यांतही फारशी कोणाला ठाऊक नसते.

ग्रंथाची भाषा मुख्यतः महाराष्ट्री प्राकृत आहे. मारवाडातील मुनींनी महाराष्ट्राचे नाव धारण करणाऱ्या भाषेत लिहावे, याचे आज नवल वाटते. त्या काळी वाटले नसते. सातवाहनांच्या काळापासून प्राकृत काव्याची ती प्रतिष्ठित भाषा होती आणि जैन साधूंनी ती इतकी आपलीशी केली की तिच्या एका रूपाला अभ्यासक ‘जैन महाराष्ट्री’ असेच म्हणतात. भाषा कोणाच्या मालकीची, हा प्रश्न त्या शतकात अशा रीतीने कोणी विचारीत नसावे. तो प्रश्न पुष्कळ नंतरचा आहे.

कथेचा नायक अयोध्येचा राजपुत्र कुवलयचंद्र दक्षिणेत समुद्राकाठच्या विजयपुरी नगरात येतो. हे नगर नेमके कोणते, याविषयी मतभेद आहेत. कोकणातील विजयदुर्गाचे नाव त्यासाठी सुचवले गेले आहे. नगरात शिरल्यावर राजपुत्र प्रथम एका मठात जातो. तेथे लाट, कर्नाटक, माळवा, सिंध, महाराष्ट्र, सौराष्ट्र अशा नाना देशांचे विद्यार्थी राहतात, आपापल्या बोलीत गप्पा ठोकतात, आणि त्या गप्पा शास्त्राच्या कमी व जेवणाच्या अधिक असतात. वसतिगृहांचे स्वरूप बाराशे वर्षांत फारसे बदललेले दिसत नाही. मठातून निघून राजपुत्र पेठेत येतो, आणि मग उद्द्योतनसूरींची लेखणी खुलते.

पेठेत देशोदेशीचे व्यापारी उभे आहेत. लेखक प्रत्येकाचे वर्णन एकेका गाथेत करतो : अंगकाठी कशी, स्वभाव कसा आणि तोंडी कोणते शब्द सतत येतात. गुर्जर व्यापारी तूपलोण्यावर पोसलेला, धर्मपरायण, संधी आणि विग्रह दोन्हींत निपुण. लाटदेशचा, म्हणजे दक्षिण गुजरातचा, व्यापारी न्हाऊनमाखून, सुगंधी उटी लावून, नीट भांग पाडून आलेला. सिंधचा मृदू चालीचा, गाण्याचा शौकीन, आणि मन मात्र मायदेशी लागलेले. माळव्याचा सडपातळ, सावळा, रागीट, मानी. अंगरखा घातलेले ताजिक व्यापारीही त्यात आहेत. मांस आणि मद्य यांची त्यांची आवड मुनी नोंदवतात, आणि पुढच्या गाथेकडे वळतात. मरहट्ट व्यापारी त्यांना कसा दिसतो? काटक, बुटका, सावळा, सोशिक, आणि त्याबरोबरच अभिमानी व भांडखोर. वर्णन वाचून कोणाही मराठी माणसाला हसू यावे आणि किंचित रागही यावा, म्हणजे वर्णन सिद्धच झाले!

त्या मरहट्ट व्यापाऱ्याच्या तोंडी लेखकाने घातलेले शब्द मराठी भाषेच्या अभ्यासकांना फार मोलाचे वाटतात. दोन क्रियापदे आहेत, एक देण्याचे आणि एक घेण्याचे. दोन्हींच्या शेवटी ‘ल’ हा वर्ण आहे. ‘दिले’, ‘घेतले’ यांतला हाच ‘ल’ आजही मराठीची खूण मानला जातो. मराठी बोलणाऱ्या माणसाची नोंद झाली ती अशी, बाजारात, देण्याघेण्याच्या बोलीत. जमा आणि नावे या दोन रकान्यांबाहेर त्या बिचाऱ्याला लेखकाने बोलूच दिलेले नाही.

या बाजाराचे एक वैशिष्ट्य सहज निसटून जाते. यादीतील अत्यंत कठोर वर्णनांपैकी एक मारू, म्हणजे मारवाडच्या, व्यापाऱ्याचे आहे. वाकडा, जड बुद्धीचा, खादाड, सुजल्यासारख्या स्थूल अंगाचा, असे उद्द्योतनसूरी त्याला म्हणतात. आणि ग्रंथ लिहिला गेला तो मारवाडच्याच भूमीत, जालोरला. ज्यांच्या घरी गोचरी घेतली असेल, ज्यांनी मंदिर उभारले असेल, त्याच लोकांविषयी मुनींनी हे लिहिले. परक्यांची थट्टा करण्याचा अधिकार त्यांनी स्वकीयांची अधिक थट्टा करून मिळवला, असे म्हणता येईल. दुसऱ्याचे चित्र काढताना साहित्यिकाने तराजूचे आपले पारडेही त्याच काट्याला लावले आहे की नाही, हे पाहण्याची ही जुनी आणि सोपी कसोटी आहे.

याच ग्रंथातील दुसरा प्रसंग मुंबईच्या अगदी जवळचा आहे. तक्षशिलेच्या परिसरातील एका गावचा धनदेव हा सार्थवाहाचा मुलगा इतका हावरट असतो की लोक त्याला लोभदेव म्हणू लागतात. तो घोडे घेऊन सोपाऱ्यास येतो. सोपारा म्हणजे आजचे नालासोपारा. तेथील भद्रश्रेष्ठी त्याला आपल्या घरी उतरवून घेतो. सोपाऱ्याच्या व्यापाऱ्यांचा एक रिवाज असा, की परदेशाहून कोणी व्यापारी आला म्हणजे सर्वांनी एकत्र जमावे, त्याला गंध-तांबूल द्यावे, आणि कोठून आलात, कोणता माल नेलात, काय आणलेत, हे विचारावे. मग प्रत्येक जण आपापली हकीकत सांगतो. कोणी घोडे देऊन हत्ती आणले, कोणी सुपारी नेऊन घोडे, कोणी कापड नेऊन हस्तिदंत आणि मोती. एक जण चीनला म्हशी नेऊन रेशीम घेऊन आला. दुसरा सांगतो, रत्नद्वीपाला कडुलिंबाची पाने नेली आणि रत्ने आणली. लोभदेवाचे डोळे तेथेच फिरतात. तो भद्रश्रेष्ठीला भागीदार करून रत्नद्वीपाला जातो, आणि परतीच्या प्रवासात, नफ्याची वाटणी नको म्हणून, आश्रय देणाऱ्या या मित्रालाच समुद्रात ढकलतो.

सोपाऱ्याच्या त्या मंडळीत नवखा माणूस परका खरा. पण त्याच्याकडे माहिती आहे आणि बाजाराला ती हवी आहे, म्हणून त्याला आसन मिळते. परकेपणाचा असा उपयोग करून घेणे व्यापाऱ्यास जमते, कारण परका माणूस हेच त्याचे गिऱ्हाईक असते. आणि तरीही उद्द्योतनसूरींनी व्यापाऱ्याचा गौरवग्रंथ लिहिलेला नाही. कथेतील सर्वांत लोभी माणूस व्यापारी आहे, त्याने फसवलेला सज्जनही व्यापारीच आहे. एकाच पेशातून दोघेही उभे राहतात, त्यामुळे वाचकाला पेशाचा नव्हे, लोभाचा राग येतो.

पुढील हजार वर्षे ओलांडून एकोणिसाव्या शतकातील दख्खनमध्ये आले म्हणजे चित्र पालटते. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांच्या दुकानांवर व घरांवर हल्ला केला. पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत लोण पसरले. सावकार बहुतांशी मारवाडी आणि गुजर होते. त्यांत जैनही होते. जीवितहानी फार झाली नाही. जमावाला हवी होती ती कर्जखते. ती हाती येताच तेथेच जाळली गेली. सरकारने आयोग नेमला आणि १८७९ साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. जोतीराव फुले यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला, त्यात शेतकऱ्याला नाडणाऱ्यांमध्ये सावकाराला स्थान मिळाले ते याच पार्श्वभूमीवर.

येथे हिशेब नीट मांडावा लागतो. सावकारांनी चढे व्याज घेतले, खोट्या रकमा मांडल्या, निरक्षर माणसाचा अंगठा कोऱ्या कागदावर घेतला, हे घडले आहे आणि ते झाकण्यात अर्थ नाही. पण दंगलीच्या मागे आणखी तीन गोष्टी होत्या. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, १८६१ ते १८६५ या वर्षांत, कापसाचे भाव चढले, पतपुरवठा सैल झाला. युद्ध संपताच भाव कोसळले आणि कर्जे अंगावर आली. जमिनीच्या फेरआकारणीत सारा वाढला. आणि १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जखताचे आयुष्य तीन वर्षांवर आणले. ऋणकोच्या रक्षणासाठी केलेला हा कायदा उलटला. दर तीन वर्षांनी सावकार नवे खत लिहून घेऊ लागला, थकलेले व्याज मुद्दलात जाऊ लागले, आणि व्याजावर व्याज चढू लागले. ज्यांनी कर्जखात्यांच्या नूतनीकरणाची कागदपत्रे हाताळली आहेत, त्यांना ही किमया वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही.

साहित्याची अडचण अशी की त्याला चेहरा लागतो. मुदतीच्या कायद्याला चेहरा नसतो, साराआकारणीला नसतो, लिव्हरपूलच्या कापूसबाजाराला तर नसतोच. चेहरा होता तो गावातील दुकानात गादीवर बसलेल्या माणसाचा. त्याची पगडी वेगळी, बोली वेगळी, जेवण वेगळे, देवही वेगळा. त्यामुळे मराठी कथा, वग, नाटक आणि पुढे चित्रपट यांत एक ठरीव पात्र तयार झाले : मोडके मराठी बोलणारा, वही काखोटीला मारलेला, पोट सुटलेला शेठजी. उद्द्योतनसूरींच्या स्थूल मारू व्यापाऱ्याशी त्याचे शरीर जुळते, बाकी काहीच जुळत नाही. कारण विजयपुरीच्या पेठेत त्याच्या शेजारी इतर सगळेही तितक्याच मिस्कीलपणे रंगवलेले होते. मराठी वगात तो एकटाच. जगभर असेच घडले आहे. शेक्सपिअरच्या नाटकातील व्हेनिसच्या व्यापाऱ्याला शायलॉकचे कर्ज हवे असते, शायलॉक नको असतो. मात्र शेक्सपिअरने शायलॉकला आपली बाजू मांडायला रंगमंच मोकळा करून दिला. मराठी रंगभूमीवरील शेठजीच्या वाट्याला असे भाषण फारसे आले नाही, हशा आला.

या ठरीव चित्रामुळे झालेले दुसरे नुकसान बहुधा कोणाच्या लक्षातच येत नाही. ‘जैन’ म्हटले की मराठी वाचकाच्या डोळ्यांसमोर गुजराती किंवा मारवाडी दुकानदार येतो, आणि कोल्हापूर, सांगली, बेळगाव, सोलापूर या पट्ट्यातील, पिढ्यान् पिढ्या नांगर धरणारा, घरात मराठी किंवा कन्नड बोलणारा जैन शेतकरी पुसला जातो. दक्षिण महाराष्ट्र जैन सभा १८९९ साली स्थापन झाली. त्या चळवळीतील अण्णासाहेब लठ्ठे यांनी राजर्षी शाहू महाराजांचे इंग्रजी चरित्र १९२४ साली प्रसिद्ध केले. कुंभोज येथे १८८७ साली जन्मलेले कर्मवीर भाऊराव पाटील जैन कुटुंबातले. बहुजनांच्या मुलांना शिकवण्यासाठी त्यांनी १९१९ साली रयत शिक्षण संस्था काढली. त्यांच्या नावाचे महाविद्यालय वाशीत आहे. घाऊक बाजारातून परतणारी व्यापाऱ्यांची मोटार ज्या भागातून रोज जाते, तेथेच. गाडीत बसलेल्या मुलाला कर्मवीरांचा आणि आपल्या देरासराचा काही संबंध आहे, हे सहसा कोणी सांगितलेले नसते. त्याच गाडीत जुन्या मराठीतील जैन ग्रंथांची गोष्ट निघण्याचा तर प्रश्नच नाही. पंधराव्या शतकाच्या सुमारास गुणकीर्तींनी ‘धर्मामृत’ मराठी गद्यात लिहिले आणि डॉ. सुभाषचंद्र अक्कोळे यांनी अशा ग्रंथकारांचा शोध घेण्यात उमेदीची वर्षे घालवली, तरी शालेय पाठ्यपुस्तकाच्या साहित्येतिहासात ती नावे क्वचितच भेटतात.

‘कुवलयमाला’ आज छापील रूपात वाचता येते तीही अशाच एका सीमेवरच्या माणसामुळे. डॉ. आ. ने. उपाध्ये यांचा जन्म १९०६ साली बेळगाव जिल्ह्यातील सदलगा येथे झाला. कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात त्यांनी तीन दशके प्राकृत शिकवले. जैसलमेरच्या भांडारातील ताडपत्रांची पोथी आणि पुण्यातील कागदी पोथी समोर ठेवून त्यांनी संहिता सिद्ध केली. सिंघी जैन ग्रंथमालेत मुंबईच्या भारतीय विद्या भवनाने तिचा पहिला भाग १९५९ साली आणि दुसरा १९७० साली प्रसिद्ध केला. राजस्थानात लिहिलेला, महाराष्ट्राच्या नावाच्या भाषेतला ग्रंथ, कर्नाटकाच्या सीमेवरील पंडिताने कोल्हापुरात बसून संपादित केला. यांतील कोण कोणासाठी परका, हे ठरवणे अवघड आहे. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला तेव्हा त्याच निर्णयात प्राकृतलाही तो मिळाला. पेढे वाटले गेले ते मराठीसाठी. प्राकृतसाठी उपाश्रयांतूनही फारसा गाजावाजा ऐकू आला नाही.

विजयपुरीची पेठ आज पाहावयाची असेल तर तुर्भ्याला पहाटे जावे. मुंबईच्या मशीद बंदर, भायखळा, क्रॉफर्ड मार्केट या भागांतला घाऊक व्यापार १९८०च्या दशकाच्या आरंभापासून १९९०च्या दशकाच्या मध्यापर्यंत टप्प्याटप्प्याने नवी मुंबईत आला. कांदा-बटाटा, मसाला, धान्य, भाजी, फळे असे पाच बाजार झाले. धान्याच्या बाजाराला लोक अजूनही दाणाबंदरच म्हणतात, तेथे बंदर नसले तरी. ब्याडगीची मिरची घेऊन आलेला कानडी ट्रकचालक, लासलगावच्या कांद्याची पट्टी मागणारा शेतकरी, कच्छी बोलणारा आडत्या, मारवाडी बोलणारा मुनीम, जुन्नर आणि पाटण-कऱ्हाडकडचा माथाडी, सर्वांच्या आवाजांची एकच गर्दी. विजयदुर्ग ज्या देवगड तालुक्यात आहे, तेथील हापूस दर चैत्र-वैशाखात येथेच उतरतो. फळबाजारात रुमालाखाली बोटे दाबून भाव ठरवण्याची रीत ज्यांनी पाहिली आहे, त्यांना ठाऊक आहे की त्या बोटांना मातृभाषा नसते.

तोंडाला मात्र असते. गाळ्यावर माथाडी कामगाराशी शेठ मराठीत बोलतो, चांगले बोलतो. शिव्याही मराठीतच देतो. संध्याकाळी घरी आल्यावर त्याच माणसाचा उल्लेख ‘घाटी’ या शब्दाने होतो. शब्द उच्चारणाऱ्याला त्यात काही वावगे वाटत नाही, आणि खरी गोम तेथेच आहे. ‘शेठजी’ हे वगातले पात्र जसे एका चेहऱ्यात सारा समाज कोंबते, तसाच हा दोन अक्षरांचा शब्द सह्याद्रीच्या घाटावरील सर्व माणसांना एका गोणीत भरतो. ज्या घरांना मराठी नाटकातील मारवाडी खटकतो, त्या घरांतील लहान मुले तो शब्द जेवणाच्या ताटावर शिकतात. पारडे आपलेही त्याच काट्याला लावायचे, तर हे मान्य केलेच पाहिजे.

सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये मुंबईतील दुकानदारांना मराठी पाट्यांसाठी दोन महिन्यांची मुदत दिली, तेव्हा बहुतेक पेढ्यांनी पाट्या बदलल्या. रंगाऱ्यांना चार पैसे मिळाले. पाटीमागच्या घरात मात्र भाषेचा पेच वेगळाच आहे. आजोबा मारवाडी किंवा कच्छी बोलतात, वडील गुजराती आणि कामापुरते मराठी, नातू इंग्रजी आणि हिंदी. त्याला शाळेत कोणी ‘तुम्ही बाहेरचे’ म्हणते तेव्हा तो नेमका कोणत्या बाहेरचा, हे त्यालाच उमगत नाही. जन्म नेरुळचा, राजस्थानातील मूळ गाव त्याने लग्नकार्याला दोनदा पाहिलेले. त्याला उत्तर देण्यासाठी घरात पुस्तक नाही. पेढीच्या आतल्या जगाचे मराठी लेखन, पेढीवरच्याच माणसाने केलेले, हाताच्या बोटांवर मोजण्याइतके.

सामग्री मात्र घरोघर आहे. मोडीत किंवा महाजनी लिपीत लिहिलेल्या जुन्या वह्या, देशावरून आलेली पत्रे, हुंड्यांच्या प्रती. दिवाळीच्या साफसफाईत त्या रद्दीच्या वजनाने जातात, कारण लिपी वाचणारे आजोबा गेलेले असतात. मशीद बंदरहून तुर्भ्याला आलेली पहिली पिढी आता ऐंशीच्या घरात आहे. गाळा घ्यावा की न घ्यावा यावर झालेली भांडणे, ओसाड पडलेला रस्ता, पहिल्या पावसाळ्यात भिजलेला माल, पहिले उधार देणारा आणि ते बुडवणारा, सगळे त्यांना आठवते. सोपाऱ्याच्या मंडळीत विचारत तसे त्यांना कोणी गंध-तांबूल देऊन विचारायचे आहे : कोठून आलात, काय नेलेत, काय आणलेत. वहीत नातवाने लिहून घ्यावे, त्याला येत असेल त्या भाषेत.